खंड्याला गंध

वेंकोजीरावांना सहलीला न्यायचं हे जगन्नाथनं परस्पर ठरवलं आणि सांगितलं मात्र अंबुबाईंना. घरातली कुठलीही अवघड गोष्ट आधी अंबुबाईंच्या कानावर घालायची आणि मग त्यांनी ती वेंकोजीरावांपर्यंत पोचवायची, ही या घरची जुनी रीत. फौजी घरात बोलणं कमीच असतं असं म्हणतात. या घरात ते जरा जास्तच कमी होतं.

"अम्मा, उद्या कंपनीची ट्रिप आहे. फॅमिलीसकट," जगन्नाथ म्हणाला. "श्रीरंगपट्टण. बस हेब्बाळहून निघून इथं बन्नीमंटपाला येते. अप्पांना सांग, निळा ब्लेझर घाला, मेडल लावा."

"ब्लेझर कशाला रे? ऊन बघ केवढं."

"आमच्या मॅनेजर मॅडम येणार ना. त्यांना मी सांगून ठेवलंय, माझे अप्पा एकाहत्तरच्या लढाईत होते म्हणून. गाइड घेतलाय. किल्ला, जमिनीखालचा जुना तुरुंग, सगळं दाखवणार. मिलिटरीवाल्या माणसाला बरं वाटंल, अल्वा, नाही का?"

तुरुंग म्हटल्याबरोबर अंबुबाईंच्या ओठांवर 'नको' आलं. पण 'नको' म्हणायचं तर कारण द्यायला हवं, आणि कारण द्यायची सोय या घरात गेली चव्वेचाळीस वर्षं नव्हती. "सांगते," एवढंच त्या म्हणाल्या.

म्हैसुरात बन्नीमंटपाजवळच्या गल्लीतलं हे मराठ्यांचं घर. खापरपणजोबा कधीकाळी म्हैसूरच्या राजाच्या फौजेत होते. त्या फौजेतलं आता उरलं होतं ते म्हणजे दोन तलवारी, एक खंडा आणि ताठ मानेनं चालायची सवय. चुलतभावांपैकी कुणी बँकेत होतं, कुणाचं टायरचं दुकान होतं, जगन्नाथ स्वतः दिवसभर थंडगार खोलीत कॉम्प्युटरसमोर बसायचा, पण नवरात्र आलं की सगळ्यांच्या अंगात खापरपणजोबा शिरायचे. खंडेनवमीला सकाळी घरातल्या वडील पुरुषानं आंघोळ करून ओलेत्यानं हत्यारं पुसायची, खंड्याला गंध लावायचं, शेवंतीची फुलं वाहायची आणि मग दारात कोहळा फोडायचा.

फक्त या घरात वडील पुरुष ते करत नसे. वेंकोजीरावांनी खंड्याला हात लावल्याचं कुणीही पाहिलेलं नव्हतं. आधी त्यांचे धाकटे भाऊ मानाजीराव गंध लावायचे आणि जगन्नाथ जरा मोठा झाल्यावर तो मान त्याच्याकडे आला. ओल्या पंचात कुडकुडत तो पोर खंड्याला गंध लावायचा तेव्हा आलेगेले म्हणायचे, बघा, बापानं स्वतःचा मान लेकाला दिला, याला म्हणतात माया. जगन्नाथलाही तसंच वाटत आलं होतं. चाळिशीला आला तरी ही गोष्ट सांगताना त्याचा आवाज भरून यायचा.

खरं काय ते अंबुबाईंना ठाऊक होतं.

एकाहत्तरच्या वैशाखात त्या लग्न होऊन या घरात आल्या आणि मार्गशीर्षात लढाई लागली. नवरा बेपत्ता आहे अशी तार आली. सासूबाईंनी, गोदावरीबाईंनी, देव पाण्यात ठेवले. पुढं बऱ्याच दिवसांनी सैनिकांच्या ऑफिसातला एक माणूस सायकलवरून सांगत आला, की वेंकोजी जिवंत आहे, पलीकडे कैदेत आहे. अंबुबाई दाराआड उभ्या होत्या. जिवंत आहे हे ऐकून त्या तिथंच भिंतीला टेकून खाली बसल्या. गोदावरीबाईंनी आधी रस्त्याकडे बघितलं, मग त्या माणसाला विचारलं, "हे बाहेर कुणाला ठाऊक नाही ना?"

त्या दिवसापासून लोकांसाठी वेंकोजीराव पुण्याच्या मिलिटरी इस्पितळात होते. पायाला गोळी लागली होती, बरं व्हायला वेळ लागणार होता. शेजारपाजारच्या बायका येऊन हळहळून जायच्या आणि गोदावरीबाई पदरानं डोळे पुसत त्यांना पायाची हकिगत सांगायच्या. वर्षभरानं वेंकोजीराव परत आले ते हाडं वर आलेले, पण दोन्ही पायांवर नीट चालत. आईनं लेकाला ओवाळलं, आत नेलं आणि दार लावून सांगितलं, "बाहेर पडशील तेव्हा लंगडत चाल." आणि पुढं हेही सांगितलं, की ज्या हातांनी हत्यार खाली ठेवलं त्या हातांनी खंड्याला गंध लावायचं नाही.

वेंकोजीरावांनी दोन्ही गोष्टी ऐकल्या. आज्ञा पाळायची सवयच होती. आधी ते रस्त्यावर लंगडायचे, मग अंगणात, मग घरातही. गोदावरीबाई गेल्यावर अंबुबाईंनी एकदा धीर करून म्हटलं, "आता कोण बघायला आहे? सरळ चाला की." वेंकोजीराव चालून बघायला लागले आणि त्यांना ते जमेना. तो पाय आता तसाच पडायचा.

कैदेबद्दल ते बायकोशी एकदाच बोलले, तेही भिंतीकडे तोंड करून. गोळ्या संपल्या, सुभेदारांनी सांगितलं हत्यार खाली ठेवा, ठेवलं. मग दोन्ही हात वर करून शेतातून चाललो. हात इतके भरून आले, पण खाली घ्या म्हणून कुणी सांगेना. एवढं बोलून त्यांनी पांघरूण ओढून घेतलं. अंबुबाईंना पुष्कळ विचारायचं होतं. विचारलं नाही.

तर अष्टमीच्या सकाळी बस आली. दसऱ्याच्या गर्दीनं शहर फुलून गेलेलं, बन्नीमंटपाच्या मैदानावर मशालींच्या कवायतीची तालीम चाललेली, रस्ते अडवलेले. जगन्नाथची बायको वनजा कृष्णराजनगरला माहेरी गेली होती, त्यामुळं तिघंच होते. वेंकोजीराव ब्लेझर घालून, मेडल लावून, खिडकीशी ताठ बसले. त्यांना हे नको होतं हे अंबुबाईंना कळत होतं. पण लेकानं हौसेनं इस्त्री करून आणलेला ब्लेझर होता, त्यांनी तो निमूटपणे घातला.

गाइडचं नाव नंजुंडस्वामी. माणूस मोठा हुशार आणि त्याहून मोठ्या आवाजाचा. माइक नसता तरी चाललं असतं, पण माइक होता. त्यानं बसमध्येच सगळ्यांना हसवायला सुरुवात केली. कोण राजा, कोण वजीर, कुणी कुणाला फसवलं, सगळं त्याच्या तोंडपाठ, आणि प्रत्येक गोष्ट अशी सांगायचा जणू तो स्वतः तिथं चहा घेऊन उभा होता. जगन्नाथनं त्याला वडिलांची ओळख करून दिली. नंजुंडस्वामीनं कडक सलाम ठोकला. वेंकोजीरावांनीही हात कपाळाला लावला आणि लगेच खाली घेतला.

किल्ला बघून झाला, देऊळ झालं. तटाच्या कडेला पायऱ्या उतरून सगळे त्या तुरुंगात शिरले. अंबुबाईंनी अंधार, वटवाघळं, भुयार असलं काही मनात धरलं होतं. प्रत्यक्षात ती विटांच्या कमानींची एक बुटकी, लांबट जागा होती आणि तिला स्वच्छ पांढरा चुना लावला होता. कमानींतून ऊन आत येत होतं. पोरंटोरं पळत होती. भिंतीतून मात्र दगडी पाट्या बाहेर आलेल्या होत्या, दोन-दोन जोडीनं, माणसाचे हात पसरले तर पोचतील एवढ्या अंतरावर, आणि प्रत्येक पाटीला भोक होतं.

"इथं लढाईत पकडलेले इंग्रज ऑफिसर ठेवायचे, बरं का," नंजुंडस्वामी म्हणाला. "ह्या भोकांतून साखळदंड. हात असे वर, दोन बाजूंना. बसायचं नाही, खाजवायचं नाही, माशी बसली तर बसू द्यायची." लोक हसले. "आता एक माणूस पुढं या. करून दाखवू. फोटो भारी येतो."

कुणीतरी मॅनेजर मॅडमना ढकलत होतं, त्या नको नको म्हणत हसत होत्या. एवढ्यात जगन्नाथचा आवाज आला. "माझे अप्पा. खरे सोल्जर आहेत. अप्पा, बन्नी, या पुढं."

अंबुबाई चटकन म्हणाल्या, "अरे, त्यांचा खांदा दुखतो."

"सुम्ने इरम्मा," जगन्नाथ हसत म्हणाला, गप्प राहा म्हणून. "एक मिनिटाचं काम."

अंबुबाईंनी नवऱ्याकडे बघितलं. निदान आता तरी ते काही बोलतील, खांद्यावर हात ठेवतील, चक्कर आली म्हणतील. पण चारचौघांत नाव पुकारलं की पुढं व्हायचं, हेच ते जन्मभर शिकले होते. वेंकोजीराव लंगडत पुढं गेले आणि भिंतीला पाठ लावून दोन पाट्यांच्या मधे उभे राहिले.

"कै मेलेत्ती, सार," नंजुंडस्वामी म्हणाला. "हात वर."

वेंकोजीरावांनी हात वर केले. मनगटं दगडांवर बरोबर टेकली. ब्लेझरच्या बाह्या मागं सरकल्या आणि त्यांचे बारीक, पांढऱ्या केसांचे हात उघडे पडले. अंबुबाईंना वाटलं धावत जावं आणि ओढून आणावं. पण धावत जाऊन काय सांगायचं? एवढ्या लोकांत, लेकाच्या कंपनीसमोर, काय म्हणून ओढायचं? त्या माणसानं जे झाकण्यासाठी आपला धडका पाय लंगडा करून घेतला, ते त्यांनी आपल्या तोंडानं उघडं करायचं? अंबुबाई जागच्या हलल्या नाहीत. हातातल्या पिशवीचा बंद मात्र त्या पिळत राहिल्या.

मोबाइल वर झाले. नंजुंडस्वामी रंगात आला. "बघा, केवढे साहेब लोक. तोफा होत्या, बंदुका होत्या. लढून मेले असते तर इथं यावं लागलं असतं का? हत्यार टाकलं, हात वर केले, म्हणून ही पाळी."

"आमच्या घरात नाही हां असलं," जगन्नाथ मॅनेजर मॅडमकडे वळून म्हणाला. आवाज सगळ्यांना ऐकू जाईल इतका होता. "आमच्या घराण्यात आजवर कुणी हत्यार खाली ठेवलेलं नाही. अप्पांच्या पायात गोळी होती तरी नाही."

पोरगा वाईट नव्हता हो. बापाचा अभिमान होता त्याला, दुसरं काही नाही. अंबुबाईंना त्याचा राग यायला हवा होता आणि येत नव्हता, हेच तर वाईट होतं. ज्यांचा राग यावा त्या गोदावरीबाई केव्हाच गेल्या होत्या.

फोटो झाले. "आयतु सार," नंजुंडस्वामी म्हणाला. "झालं. हात खाली घ्या."

वेंकोजीरावांनी हात खाली घेतले नाहीत.

लोकांना वाटलं म्हातारा नाटक करतोय. कुणीतरी शिट्टी मारली. एका बाईनं व्हिडिओ चालूच ठेवला. वेंकोजीराव समोर बघत होते, पण समोर जे लोक होते त्यांच्याकडे नाही. त्यांचे हात आता थरथरत होते आणि बोटं दगडाच्या कडेवर आपटत होती. नंजुंडस्वामी हसत हसत पुन्हा म्हणाला, "सार, साकु, पुरे." मग त्याचंही हसू जरा कमी झालं.

तेव्हा अंबुबाई पुढं गेल्या. लोक काय म्हणतील ते म्हणोत असा काही धीर त्यांना आला नव्हता, पायच चालायला लागले होते. त्या अगदी जवळ जाऊन उभ्या राहिल्या. वेंकोजीरावांचे ओठ हलत होते. फक्त त्यांनाच ऐकू येईल अशा आवाजात ते म्हणत होते, "साब, हाथ नीचे करूँ?"

अंबुबाईंना हिंदी येत नाही. उभा जन्म मराठी आणि कन्नडावर गेला. "करो," त्या म्हणाल्या.

मग वेंकोजीरावांनी हात खाली घेतले. ते आपोआप येईनात, म्हणून अंबुबाईंनी एक-एक धरून खाली आणले. मागं टाळ्यांचा कडकडाट झाला.

परतीच्या बसमध्ये खेळ झाले, गाणी झाली आणि उत्तम अभिनयाचं बक्षीस म्हणून मॅनेजर मॅडमनी वेंकोजीरावांना कंपनीचं नाव घातलेली पाण्याची स्टीलची बाटली दिली. त्यांनी ती दोन्ही हातांनी घेतली, मान लववली आणि मांडीवर धरून बसले. जगन्नाथ व्हिडिओ पाठवत होता. कंपनीच्या ग्रुपला, चुलतभावांच्या ग्रुपला, वनजाच्या माहेरच्या ग्रुपला. दर थोड्या वेळानं मागं वळून तो सांगायचा, "अप्पा, मानाजीकाकांनी बघितलं. अप्पा, सगळे म्हणतायत, काय ॲक्टिंग केली." मानाजीरावांनी बघितलं म्हटल्यावर वेंकोजीरावांनी डोळे मिटले. भावाला सगळं ठाऊक होतं.

"सांगू का त्याला?" अंबुबाईंनी हळूच विचारलं.

वेंकोजीरावांनी डोळे न उघडता मान हलवली. नको.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी. जगन्नाथ पहाटेच उठून तयारीला लागला होता. पाटावर लाल कापड अंथरलं, तलवारी आणि खंडा लिंबानं घासून पुसून मांडला, सहाणेवर गंध उगाळून ठेवलं. आणि मग त्यानं जाहीर केलं, की या वर्षी पूजा अप्पांनी करायची. काल सगळ्यांनी बघितलंय त्यांना, मॅनेजर मॅडम मुद्दाम पूजा बघायला येणार आहेत, आता मान त्यांचाच.

"मी फुलं आणतो," वेंकोजीराव म्हणाले आणि लंगडत परसात गेले.

ते येईनात. जगन्नाथनं दोनदा हाका मारल्या. गंध वाळायला लागलं, त्यानं त्यात पाण्याचे थेंब टाकले. "अम्मा, दर वर्षी हे असंच. काल एवढ्या लोकांत उभे राहिले, आणि घरच्या खंड्याला हात लावायला काय होतं ह्यांना? मला लहानपणी वाटायचं माझ्यासाठी सोडतात. आता मी म्हातारा व्हायला लागलो. कुणासाठी सोडतायत?"

अंबुबाईंना वाटलं, नवऱ्यानं नको म्हटलंय ते खरं. पण काल त्या भिंतीपाशी आपण गप्प बसलो आणि काय झालं ते डोळ्यांनी बघितलं. गप्प राहून त्या माणसाला कुणी वाचवलेलं नाही, मीही नाही. लेक शिकलेला आहे, नव्या काळातला आहे, बापावर जीव टाकतो. तो ऐकेल आणि उठून परसात जाईल, बापाचा हात धरून त्याला आत आणेल. सासूबाई गेल्या, त्यांच्याबरोबर त्यांचा काळ गेला.

"इकडं बस," त्या म्हणाल्या. आणि त्यांनी सांगितलं. तार, सायकलवरचा माणूस, पुणं, पाय, खंडा. शेतातून वर केलेले हात. काल भिंतीपाशी त्यांनी काय विचारलं तेही सांगितलं. इतकी वर्षं धरून ठेवलेलं सगळं सांगायला फारसा वेळ लागला नाही.

जगन्नाथ पाटासमोर बसून होता. त्याचा चेहरा पडला, डोळे भरले, आणि अंबुबाईंना वाटलं, आता उठेल. त्यानं एकदा परसाच्या दाराकडे बघितलंही. मग रस्त्याकडच्या खिडकीकडे बघितलं. उठून त्यानं खिडकी लावून घेतली आणि दबक्या आवाजात विचारलं, "अम्मा, हे बाहेर कुणाला ठाऊक नाही ना?"

अंबुबाई त्याच्या तोंडाकडे बघतच राहिल्या. नाक त्यानं आजीचंच घेतलं होतं, हे त्यांनी आजवर कौतुकानं सांगितलं होतं.

जगन्नाथनं मोबाइल काढला आणि घाईघाईनं कालचे व्हिडिओ एकेका ग्रुपवरून पुसायला सुरुवात केली. काही पुसले जाईनात. मॅनेजर मॅडमना त्यानं घरात कुणाला तरी बरं नाही असा निरोप पाठवला.

"फुलं," परसाच्या दारातून आवाज आला.

वेंकोजीराव उंबऱ्यापलीकडे उभे होते. किती वेळ उभे होते कुणास ठाऊक. शेवंतीनं भरलेलं ताट दोन्ही हातांनी पुढं धरलं होतं आणि ते आत येत नव्हते. जगन्नाथनं त्यांच्याकडे बघितलं नाही. त्यानं सहाणेवरचं गंध बोटावर घेतलं, दर वर्षीसारखं, आणि खंड्याला लावलं.

अंबुबाईंनी उठून ताट घेतलं. त्यांना म्हणायचं होतं, चुकलं माझं, सांगायला नको होतं. म्हणायचं होतं, या, आत या, मी आहे ना. त्यांनी ताट पाटाशी नेऊन ठेवलं.

वेंकोजीरावांचे हात क्षणभर तसेच पुढं राहिले, मग त्यांनी ते खाली घेतले. वळून ते अंगणातून नळाकडे निघाले, दर वर्षी पूजा होईपर्यंत ते तिथंच झाडांना पाणी घालत थांबायचे. जगन्नाथ आता मान वर करून त्यांच्या चालण्याकडे बघत होता. ते लंगडत होते. त्या पायाला कधीच काही झालेलं नव्हतं हे आता घरात तिघांनाही ठाऊक होतं, आणि तरी ते नळापर्यंत लंगडतच गेले.